होडीवाल्यांनी बदललेला एडिट

डॉक्युमेंटरीसाठी पैसे उभे करायचे तर आधी कागद लागतो. नायक कोण, त्याच्यापुढे अडचण कसली, शेवटी काय होणार, हे सगळं चार पानांत मांडायचं. मी मानववंशशास्त्र शिकून फिल्मकडे वळलेली, त्यामुळे हा अर्ज भरताना दरवेळी हात अडतो. आमच्याकडे उलटं शिकवतात. आधी जा, राहा, बघा, लिहा. आपला प्रश्न नेमका कुठला होता ते मागाहून ठरतं. लाकडी होड्या बांधणाऱ्यांवर फिल्म करायला घेतली तेव्हा 'शेवटी काय होणार' या रकान्यात मी लिहिलं, "होडी पाण्यात उतरेल, बहुतेक." एका ठिकाणी हे फारसं कोणाला रुचलं नाही. दुसऱ्या ठिकाणी रुचलं, म्हणून फिल्म झाली.

अशा प्रकारचं काम करू पाहणारी मुलं-मुली हल्ली भेटतात आणि विचारतात, की मानववंशशास्त्राचा फिल्ममध्ये उपयोग नक्की कुठे होतो? अजूनही अनेकांच्या डोळ्यांपुढे पिसं लावलेली माणसं आणि त्यांच्याबद्दल बोलणारा एक गंभीर आवाज येतो. तसल्या फिल्म्स झाल्या, ढिगानं झाल्या. पण या शास्त्राकडून घ्यायची ती विषयांची यादी नव्हे, कामाची रीत. भरपूर दिवस राहायचं, रोज टिपणं काढायची, आणि समोरच्याला त्याच्या कामातलं आपल्यापेक्षा जास्त कळतं हे शेवटपर्यंत धरून चालायचं. यातली शेवटची अट बोलायला सोपी आहे. एडिट करताना ती अतिशय गैरसोयीची ठरते, आणि मला मुख्यतः त्या गैरसोयीबद्दलच लिहायचं आहे.

नदी समुद्राला मिळते तिथलं एक आवार. नाव लिहीत नाही, तसं आमचं ठरलंय. एका वेळी एक-दोन मोठ्या होड्या तिथं उभ्या असतात. कागदावर ड्रॉइंग नाही, मापांचं पुस्तक नाही. आधी तळाचा कणा मांडायचा, मग त्याला दोन्ही बाजूंनी फळ्या जोडत वर जायचं, आणि आतल्या फासळ्या त्यानंतर बसवायच्या. इतर अनेक ठिकाणी सांगाडा आधी उभा राहतो. इथं कातडं आधी आणि हाडं मागून. मुख्य मिस्त्री सत्तरीच्या पुढचे, त्यांना सगळे दादा म्हणतात. त्यांचा पुतण्या, काही जुने सुतार, हंगामापुरते येणारे मजूर. मालक वेगळा. जागा आणि पैसा त्याचा, बाकी तो होडीला हात लावत नाही.

सुरुवातीचा बराच काळ मी कॅमेरा बाहेर काढला नाही. "शूटिंग कधी?" हे रोज कोणीतरी विचारायचंच. माझ्याकडे खिशात मावेल अशी वही होती. दिवसा तिच्यात दोन-चार शब्द, फार तर एखादं रेखाटन, आणि रात्री त्यावरून मोठ्या वहीत सविस्तर. रात्रीच लिहायचं, कारण झोपून उठलं की आठवण स्वतःच स्वतःला नीटनेटकी करून घेते. मोठ्या वहीच्या पानाला मध्ये रेघ: डावीकडे जे दिसलं-ऐकलं ते, उजवीकडे मला त्यावर काय वाटलं ते. उजवी बाजू पहिल्या काही आठवड्यांत फार बडबडी असते. नंतर ती आपोआप ओसरते आणि डावी वाढू लागते. ती वाढू लागली की कॅमेरा काढायला हरकत नाही, असा माझा ठोकताळा आहे.

दादा मला उद्देशून बोलले ते पहिलं वाक्य, "ताई, उभ्याच आहात तर ती दोरी धरा." धरली. दोरी धरणाऱ्याला जे कळतं ते बाकावर बसून वही भरणाऱ्याला कळत नाही: ओढ कधी येणार, कोण कोणाकडे बघून सैल सोडतो, कोण न सांगता मागे जाऊन उभा राहतो. त्या रात्री मी फळी बसवताना कोण कुठं उभं असतं त्याचा नकाशा काढला. पुढेही काढत गेले. हे नकाशे नंतर मला भलत्याच ठिकाणी उपयोगी पडले.

संमतीबद्दल थोडं. सही घेतलेला कागद वकिलाच्या फायलीसाठी चांगला असतो. पण ज्याची फिल्म कधी बघितलीच नाही, त्याला सही करणारा माणूस नक्की कशाला हो म्हणतोय? अमेरिकन अँथ्रोपॉलॉजिकल असोसिएशन या मानववंशशास्त्रज्ञांच्या संघटनेच्या २०१२ च्या तत्त्वांमध्ये पहिलं तत्त्व 'हानी करू नका' हे आहे. संमती त्याच्यानंतर येते. मी शूटिंगआधी विचारते, शूट झालेलं दाखवून विचारते आणि एडिट झाल्यावर पुन्हा विचारते. या आवारातला एक सुतार पहिल्याच फेरीत नाही म्हणाला. कारण सांगितलं नाही, मी विचारलं नाही. पंचाईत अशी, की तो माणूस कायम मधोमध उभा. सगळी फिल्म आम्ही त्याला वगळून घेतली. पुढे पुढे तोच सांगायचा, "इथनं घ्या, इथं मी नाही येत." फ्रेम त्याला माझ्या मदतनिसापेक्षा चांगली कळायला लागली होती.

कॅमेरा लहान, लेन्स एकच, ३५ मिलिमीटरची. झूम लेन्स मुद्दाम नेली नाही. झूम असली की लांब उभं राहून चेहरा ओढून घेण्याचा मोह होतो, आणि ज्याचा चेहरा ओढला त्याला पत्ताही नसतो. ३५ ला हात दिसायला हवे असतील तर हाताजवळ जावं लागतं. मग तो माणूस तुम्हाला "सरका" म्हणू शकतो. हा त्याचा हक्क लेन्समध्येच घातलेला बरा.

ट्रायपॉड वापरायचा की कॅमेरा हातात धरायचा, यावर फिल्म शाळांमध्ये तासन् तास वाद होतात. या क्षेत्रात त्या वादाला घरंदाज इतिहास आहे. मार्गारेट मीड आणि ग्रेगरी बेटसन या मानववंशशास्त्रज्ञ जोडप्यानं १९३६ ते १९३९ या काळात बालीत मिळून काम केलं; सुमारे २५,००० फोटो आणि २२,००० फूट १६ मिमी फिल्म घेऊन ते परतले. चाळीसेक वर्षांनी, लग्न कधीच मोडल्यावर, दोघं यावरून भांडले आणि ते भांडण छापून आलं. मीडचं म्हणणं, कॅमेरा ट्रायपॉडवर ठेवून चालू सोडा, म्हणजे तुम्हाला ज्याचं महत्त्व वाटलं नाही तेही नंतर दुसऱ्या कोणाला पाहता येईल. बेटसनला ट्रायपॉडवरचा कॅमेरा अजिबात पसंत नव्हता. तसा कॅमेरा काही बघतच नाही, असं त्याचं मत. शूटिंग करताना मी पूर्णपणे बेटसनच्या पक्षात असते. ध्वनी सांभाळणारा माझा सहकारी मात्र मीडचा. त्याच्या हट्टानं आम्ही जास्तीचा एक जुना कॅमेरा होडीच्या मागच्या अंगाला ट्रायपॉडवर उभा करून ठेवायचो. बॅटरी संपेपर्यंत तो चालायचा. त्या फुटेजला आम्ही आपसात 'सीसीटीव्ही' म्हणायचो.

फळी वाकवणं हा त्या आवारातला सगळ्यात देखणा प्रकार. जाडजूड लांब फळी, तिचं एक टोक खुंटांमध्ये अडकवलेलं, मोकळ्या टोकावर दगड, मध्ये खालून जाळ. एक पोरगा ओल्या गोणपाटानं वरची बाजू सारखी भिजवत असतो. उष्णता आणि ओलावा दोन्ही मिळाले की लाकडाचे तंतू धरून ठेवणारं लिग्निन मऊ पडतं आणि लाकूड वाकायला तयार होतं. गार झालं की त्याच वळणात पुन्हा कडक होतं. पण हे झालं पुस्तकातलं. दादा जाळाच्या बाजूला उकिडवे बसून असतात. मधूनच फळीवर पाणी शिंपडतात आणि थेंब चटकन उडतात की रेंगाळतात ते बघतात. मोकळं टोक किती खाली आलं ते दोन बोटं धरून पारखतात. जाळ जास्त झाला तर काठीनं निखारे बाजूला, कमी झाला तर ढलप्या आत. बोलणं जवळजवळ नाही. अर्धा तास, कधी पाऊण तास असाच जातो. बिडी होते, कोणाच्या तरी मेव्हण्याची चेष्टा होते. मग दादा उठतात. नुसते उठतात, आवाज देत नाहीत, आणि चौघे जण फळीला भिडलेले असतात. गरम फळी उचलायची, पळत होडीच्या अंगाला न्यायची, पुढचं टोक टेकवायचं, दोरानं आवळायचं, पाचरी ठोकायच्या. लाकूड गार व्हायच्या आत हे सगळं उरकावं लागतं.

हे मी हातातल्या कॅमेऱ्यानं अनेकदा घेतलं. दादांचे हात, जाळ, उडणारे थेंब, मग पळापळ आणि पाचरीवर बसणारे घाव. कुठल्याही एडिटरच्या तोंडाला पाणी सुटेल असं फुटेज.

ध्वनीचं काम मला चित्रापेक्षा अवघड गेलं. माणसं उघड्या अंगानं काम करतात, तिथं कॉलर माइक लावणार कुठं? शिवाय आवारात दिवसभर करवत आणि रंधा चालू. शेवटी सहकाऱ्यानं एक माइक होडीच्या पोटात, आतल्या अंगाला ठेवला. फळ्यांच्या फटीत सुतळीसारखा पिळलेला कापूस बोथट छिन्नीनं ठासून भरतात, म्हणजे पाणी आत येत नाही. बाहेरून ते नुसतं ठोकणं वाटतं. आतून ऐकलं तर फट रिकामी असताना टोला भद्द येतो, आणि ती भरत गेली की टणक होत जातो. ठोकणारा त्या आवाजावरच थांबतो आणि पुढे सरकतो. तोवर मी समजत होते की तो डोळ्यांनी बघून थांबतो. फिल्ममधलं हे काम संपूर्ण आतल्या माइकवर आहे.

फुटेजची नोंद करणं, बोलणं उतरवून काढणं, यात महिने गेले. त्यावर सांगण्यासारखं काही नाही, ते कंटाळवाणं असतं आणि टाळता येत नाही.

कच्चा एडिट तयार झाल्यावर तो घेऊन परत गेले. ही रीत माझी नाही, या क्षेत्राच्या जन्मापासूनची आहे. रॉबर्ट फ्लाहर्टीनं कॅनडाच्या उत्तरेत १९२२ ची 'नानूक ऑफ द नॉर्थ' केली, तेव्हा तिथंच फिल्म धुऊन तो इनुइट मंडळींना दाखवायचा. त्यानं इतरही बरंच केलं. नायकाचं खरं नाव अल्लाकारिआल्लाक, ते बदललं. बर्फाचं घर आतून टिपता यावं म्हणून त्याची एक बाजू उघडी ठेवली. बंदुका वापरात असताना भाले धरायला लावले. त्यामुळे दाखवण्यानं प्रामाणिकपणाची हमी मिळते असं कोणी समजू नये. मला जास्त जवळचा वाटतो तो जाँ रूश. या फ्रेंच मानववंशशास्त्रज्ञानं १९५१ च्या सुमारास नायजर नदीवरची पाणघोड्याची शिकार चित्रित केली आणि काही वर्षांनी ती शिकाऱ्यांनाच दाखवली. शिकारीच्या ऐन प्रसंगाला त्यानं त्यांचंच, शिकारीचंच पारंपरिक संगीत जोडलं होतं. शिकाऱ्यांनी हरकत घेतली: शिकारीत शांतता लागते, एवढा आवाज केला तर पाणघोडा पळून जाईल. रूशनं संगीत काढून टाकलं. पुढे या पद्धतीला तो 'सामायिक मानववंशशास्त्र' म्हणू लागला.

आमचा खेळ होडीतच झाला. पोटात आडवं कापड ताणलं, छोटा प्रोजेक्टर फळीवर ठेवला. माणसं गप्प बसून बघतील ही अपेक्षा कधीच करू नये. पहिल्या मिनिटापासून गलका. कोण जाड झालाय, कोणाची पटाशी कोणाच्या हातात आहे, ही फळी कुठली, ती नंतर चिरली ती का? चेहऱ्यांकडे बघून हसून झालं की सगळ्यांचे डोळे लाकडावर. मी मोठ्या कौतुकानं लावलेले संध्याकाळच्या पाण्याचे शॉट आले तेव्हा दोघं बिडी ओढायला बाहेर गेले.

मग फळी वाकवण्याचा प्रसंग आला. पडद्यावर जाळ पेटला, थेंब उडाले, दादांची दोन बोटं दिसली, पळापळ, घाव, फळी बसली. जेमतेम मिनिटभराचं, घट्ट बांधलेलं. दादा म्हणाले, "हे लाकूड आहे का पुठ्ठा?"

हशा झाला. तो ओसरल्यावर पुतण्यानं विचारलं, "आणि मागचा कुठाय?"

मागचा म्हणजे फळीचं मागचं टोक धरणारा. त्यांनी मला जे समजावून सांगितलं ते थोडक्यात असं. पुढे पाचरी ठोकणारा तयार झालेलं काम पक्कं करतो. फळीला खरं वळण मिळतं ते मागच्याच्या चालण्यातून. तो टोक खांद्यावर घेऊन होडीच्या अंगाभोवती हळूहळू फिरतो, पावलागणिक थोडा झुकतो, थोडा पीळ देतो. घाई केली तर फळी तडकते, रेंगाळला तर गार होते. दादांनी स्वतः ऐन उमेदीची वर्षं मागं धरण्यात काढली होती. माझ्या शॉटमध्ये जिथं घाव पडत होते तिथं प्रकाश होता, आवाज होता, हालचाल होती, म्हणून कॅमेरा तिथं होता. मागचा फ्रेमच्या बाहेर, उजवीकडे, सावलीत.

रात्री मोठी वही काढली. नकाशांमध्ये तो होता, प्रत्येक वेळी, एका फुलीच्या रूपात. आणि 'सीसीटीव्ही'मध्ये तो अख्खा होता: जाळ पेटल्यापासून फळी गार होईपर्यंत, लांबून, सपाट उजेडात, कुठंही न कापलेला. मार्गारेट मीड जिंकली. सहकारी पुढे कित्येक दिवस सहन होईना.

आता प्रश्न हा, की या माहितीचं करायचं काय? सोपा उपाय होता: घट्ट बांधलेला मिनिट काढायचा, त्या जागी लांब शॉट घालायचा. त्याच सुमारास फिल्मच्या सहनिर्मात्यांनी निवेदन मागितलं. त्यांचं म्हणणं चुकीचं नव्हतं. मागचा काय करतोय हे सांगितल्याशिवाय परक्या प्रेक्षकाला कळणार कसं? माझा निवेदनाला तात्त्विक विरोध वगैरे नाही. मला फक्त तो आवाज आवडत नाही, जो चुकत नाही.

इथं मला 'द ॲक्स फाइट' ही फिल्म आठवली. १९७१ साली व्हेनेझुएलात यानोमामी या आदिवासींच्या एका गावात अचानक मारामारी उसळली. टिमोथी ॲशनं ती चित्रित केली, मानववंशशास्त्रज्ञ नेपोलियन शॅग्नन सोबत होते. १९७५ ची ही जेमतेम अर्ध्या तासाची फिल्म तोच प्रसंग पुन्हा पुन्हा दाखवते. आधी कच्चं फुटेज, जवळपास सलग. मग काळ्या पडद्यावर शॅग्नन यांचा आवाज, मारामारीचं कारण निषिद्ध नात्यातले संबंध असं सांगणारा. मग ते कारण चुकीचं निघाल्याची कबुली, नात्यागोत्याचे तक्ते, सविस्तर उलगडा. आणि सगळ्यात शेवटी तोच प्रसंग, नेहमीच्या डॉक्युमेंटरीसारखा सुबक कापलेला. शॅग्नन यांच्या एकूण कामावर पुढे प्रचंड वाद झाले, ते वेगळं. पण ही रचना मला आजही धाडसाची वाटते. पहिलं स्पष्टीकरण पुसून टाकलेलं नाही. सुबक आवृत्ती किती गिळते, तेही समोर दिसतं.

मी क्रम उलटा केला. माझ्या फिल्ममध्ये आधी तो घट्ट, देखणा मिनिट येतो. मग होडीच्या पोटातला खेळ: कापडावर तेच चित्र, समोर पाठमोरी माणसं, "हे लाकूड आहे का पुठ्ठा?", हशा, "मागचा कुठाय?" आणि त्यानंतर ट्रायपॉडवरचा शॉट. सगळा नाही, तसा केला तर प्रेक्षक घरी जातील. पण दादा उठल्यापासून पुढचा न कापता, आणि त्याआधीच्या वाट पाहण्यातलीही बरीच मिनिटं. त्यावर बोलतात दादा आणि पुतण्या. त्यांना फुटेज दाखवत त्यांचा आवाज मुद्दाम रेकॉर्ड केला. हीदेखील रूशचीच युक्ती: १९५८ च्या 'म्वा, अँ न्वार' या फिल्ममध्ये त्यानं उमारू गांडा या नायकाला मूक फुटेज दाखवून त्यावर मनाला येईल ते बोलायला लावलं होतं. आमच्या निवेदनात दादा दोनदा स्वतःचं म्हणणं बदलतात, पुतण्या एकदा त्यांना खोडून काढतो. ते सगळं ठेवलं. सहनिर्मात्यांना निवेदन मिळालं, तक्रार मिटली.

एडिटर मात्र अजून म्हणतो की फिल्म तिथं बसते. महोत्सवांमध्ये त्या शॉटच्या वेळी एक-दोन माणसं उठून जाताना मी पाहिली आहेत. जाऊ देत.

दाखवण्याची दुसरी बाजू इतकी गोड नाही. पहिल्या खेळाला मालक आला होता. त्याच्यासाठी खुर्ची आणली गेली, तो पुढे बसला, बाकीचे त्याच्या मागे जमिनीवर. फिल्ममध्ये हंगामी मजुरांचं एक बोलणं होतं, उचल घेतल्यावर माणूस कसा अडकतो त्याबद्दल. तो भाग आला आणि इतका वेळ चाललेला गलका बंद पडला. खेळ संपल्यावर मालकानं मला बाजूला घेऊन सांगितलं, बाकी छान आहे, तेवढं काढा. मजुरांपैकी कोणीच काही बोललं नाही. 'सामायिक' हे नाव ऐकायला फार छान आहे. पण ज्या जागी आपण फिल्म सामायिक करतो तिथं खुर्ची एकच असेल, तर सगळ्यात मोठ्यानं ऐकू येणारं मत कोणाचं असणार हे आधीच ठरलेलं असतं.

दुसऱ्या दिवशी फक्त मजुरांना, लॅपटॉपवर, त्यांच्या खोपटात दाखवली. ज्याचं ते बोलणं होतं तो तिशीतला माणूस. मी माझ्याकडून तोडगा सुचवला: चेहरा दाखवत नाही, नुसता आवाज ठेवते, ओळख पटणार नाही. अशा वेळी हेच करतात. तो म्हणाला, "उलटं करा. मी दिसलो पाहिजे. माझी पोरगी फिल्म बघणारे. बोलणं काढा, पुढच्या हंगामात इथंच यायचंय."

एवढं सरळ उत्तर मिळाल्यावर माझ्या बाजूनं युक्तिवाद करायला काही उरत नाही. त्या बोलण्याला फिल्ममध्ये तोड नव्हती, आणि ते गेलं. तो माणूस आता फिल्ममध्ये फटीत कापूस ठासताना दिसतो, चांगला दोन मिनिटं, आतल्या माइकच्या आवाजावर. उचलीचा विषय फिल्ममध्ये आहे, पण माझ्याकडून, पडद्यावरच्या एका लेखी पाटीवर, कोणा एकाला चिकटणार नाही अशा शब्दांत. पाटी कोरडी आहे, हे मला मान्य आहे. मालकाला वाटलं मी त्याचं ऐकलं. त्यानं आभार मानले. मी मुकाट्यानं मान हलवली. पाटी त्याला आवडलेली नाही, पण ती काढा असं म्हणायला ते कुणा एकाचं बोलणं राहिलेलं नाही.

हे लिहून ठेवतेय कारण नवीन मुलं मला विचारतात, लोकांना एडिट दाखवला तर ते सगळं काढायला लावत नाहीत का? माझ्या अनुभवात लोक फार थोडं काढायला सांगतात. घालायला मात्र पुष्कळ सांगतात, आणि जे घालायला सांगतात ते बहुतेक वेळा आपल्याला कंटाळवाणं वाटून आपणच कापलेलं असतं. काढायला सांगणाऱ्याच्या बाबतीत तो कुठं बसला होता हे पाहायचं. आणि हो, दाखवायला जायचा खर्च पहिल्याच बजेटमध्ये लिहून टाकायचा. नंतर त्यासाठी कोणी पैसे देत नाही.

फिल्म पुरी झाल्यावर तिची प्रत आवारात दिली. ती त्यांनी एकदा पाहिली. त्यांना हवं होतं ते दुसरंच: 'सीसीटीव्ही'. सगळं, न कापलेलं. पुतण्याच्या हाताखाली दोन नवी पोरं आली आहेत, त्यांना मागं धरायला शिकवायचं तर ते बरं पडेल, असं त्याचं म्हणणं. हार्ड डिस्क भरून पाठवली. आठवडाभरात फोन आला, की यात काही सापडत नाही. मी सगळ्या फाइली तारखेनुसार लावल्या होत्या, जशा आम्ही लावतो. "तारखेनं काय करू, ताई? होडीची कुठली फळी ते लिहा. तळाची, बगलेची, नाकाची." मग मी फुटेज चालू करून फोनवर सांगते की पडद्यावर काय दिसतंय, तो सांगतो ती फळी कुठली, मी फाइलीला ते नाव देते. मूळ संग्रहातही आता तीच नावं ठेवली आहेत. डावी बाजू झाली. उजव्या बाजूच्या वरच्या फळ्यांवरून त्याचं आणि दादांचं अजून एकमत होत नाहीये.